ओठ मिटून मागितलेलं पाणी

माझी आई तंबायी मरताना एकच शब्द बोलली, आणि तो शब्द आमच्या सिनेमात लोकांना हसवायला वापरतात. भांडण एवढ्यावरूनच होतं. बाकी सगळं मी आधीच सोडून दिलं होतं.

शब्द साधा. पाणी. सगळा केरळ पाण्याला ‘वेळ्ळम’ म्हणतो. आम्ही वरच्या टोकाचे, कासरगोडच्या अंगाचे लोक ‘बेळ्ळम’ म्हणतो. ‘व’च्या जागी ‘ब’, बस. पण त्या एका अक्षरावरून आमचा माणूस कोचीच्या बसमध्ये ओळखला जातो, आणि ओळखला गेला की समोरच्याच्या ओठाच्या कोपऱ्यात काहीतरी हलतं. दुसऱ्या कुणाला ते दिसायचं नाही. आम्हाला बरोबर दिसतं.

मी शाळेत चौथीपर्यंत गेलो. पुढचं शिक्षण विडीच्या शेडमध्ये. आमच्याकडे शेडमध्ये एकाने मोठ्याने वाचायचं आणि बाकीच्यांनी विड्या वळायच्या, अशी पद्धत होती. वाचणाऱ्याच्या वाटणीच्या विड्या बाकीचे वळून द्यायचे. मी वाचायचो आणि माझ्या वाटणीच्या विड्या माझी मोठी बहीण वळायची. उच्चिरा तिचं नाव, मी एच्ची म्हणतो. सकाळी वर्तमानपत्र, दुपारी कादंबरी. कादंबऱ्या बहुतेक ओट्टप्पालमच्या बाजूच्या, भारतप्पुळा नदीकाठच्या. मोठी घरं, शेवाळलेली तळी, कडक मामा आणि पायरीवर बसून उसासे टाकणारा भाचा. मला त्या आवडायच्या, खोटं कशाला बोलू. बायका ऐकता ऐकता डोळे पुसायच्या आणि तंबाखूची बोटं डोळ्यात गेली म्हणून आणखी रडायच्या.

मग त्याच कादंबऱ्यांचे सिनेमे आले. लिहिणाऱ्यांनीच पटकथा लिहिल्या, आणि नदीकाठची ती बोली सिनेमाची शुद्ध भाषा होऊन बसली. नायक तसा बोलणार, नायिका तशी बोलणार, पुजारी, वकील, इतकंच काय विहिरीतलं भूतसुद्धा तसंच बोलणार. आमची बोली कुणाला दिली? मोलकरणीला. चोरट्या सोन्याची पिशवी धरणाऱ्याला. दारात यायचं, एक वाक्य टाकायचं, थिएटर हसवायचं आणि आत निघून जायचं. लोक म्हणतात मल्याळम सिनेमा साहित्यातून आला, मातीतून आला. आला ना. पण कुणाच्या मातीतून, ते विचारा.

मी एक गोष्ट लिहिली होती. आईच्या मरणाची. आई लोकांचं भात कांडायची, ताप आला आणि आडवी झाली. एच्ची उशाशी बसून विड्या वळत होती, कारण विड्या थांबवून चालणार नव्हतं. आईने डोळे उघडले आणि म्हणाली, ‘बेळ्ळम.’ एच्चीच्या हातांना तंबाखू. त्या हातांनी पाणी दिलं तर कडू लागतं. म्हणून ती आधी हात धुवायला बाहेर गेली. चांगले घासून धुतले. आत आली तेव्हा आई गेलेली होती. गोष्ट एवढीच. एका मासिकाने छापली, थोडीफार गाजली, आणि वर्षभराने हरिगोविंदन नावाचा दिग्दर्शक आमच्या अंगणात आला.

माणूस वाईट नव्हता. वाईट असता तर मला सोपं गेलं असतं. खुर्ची नाकारून ओट्यावर बसला, एच्चीने दिलेला काळा चहा पिऊन आणखी मागितला. म्हणाला, “माष, ही गोष्ट वाचून मी दोन दिवस जेवलो नाही.” चौथी नापासाला माष म्हणजे मास्तर म्हणतात आमच्याकडे, चार ओळी छापून आल्या की.

“जेवायचं होतंत,” एच्ची आतून म्हणाली. “आमची आई काही तुम्हाला उपाशी ठेवायला मेली नाही.”

तो हसला. मीही हसलो. तो गेल्यावर एच्ची माझ्याजवळ आली. सुपात पानं कापायला घेतलेली तशीच होती.

“सिनेमा करणार म्हणजे कुणीतरी नटी आई होणार?”

“हो.”

“गोरी असेल.”

“असेल.”

“असू दे. लुगडं चांगलं नेसवतील, नेसवू देत. घर मोठं दाखवतील, दाखवू देत.” मग कातर खाली ठेवून म्हणाली, “पाणी मात्र तिने तिच्या तोंडाने मागितलं पाहिजे. तो शब्द मी ऐकलाय. हात धुताना कानात होता, अजून आहे. तेवढा बदलू देऊ नकोस. बाकी तुझं तू बघ.”

मी हो म्हणालो. एच्चीने उभ्या जन्मात माझ्याकडे मागितलेली ती एक गोष्ट.

त्यानंतर मी एकेक सोडत गेलो. आमच्याकडे ॲल्युमिनियमचा लोटा होता, त्यांनी चोचीची पितळी झारी आणली, घासून लखलखीत. सोडलं. कुडाच्या भिंतींच्या जागी चिऱ्यांच्या भिंती आल्या आणि दारात तुळस आली. आमच्या दारात कोंबड्यांची घाण असायची. तेही सोडलं. मग हरिगोविंदनला तेय्यम, आमच्याकडचा देवाचा नाच, पाहिजे झालं.

“माझ्या गोष्टीत तेय्यम नाही,” मी म्हणालो.

“पण तुमच्या मुलखात आहे ना, माष? लाल अंगरखा, मशाली, तो मुकुट. सुरुवातीलाच. बाहेरच्या महोत्सवात लोक खुर्चीला खिळतील.”

“तेय्यम बोलतं, हरियेट्टा,” मी म्हणालो; येट्टा म्हणजे दादा. “नुसतं नाचत नाही. अंगात देव आला की तो भक्ताचा हात धरून बोलतो. कोणत्या भाषेत बोलतो ठाऊक आहे? आमच्या. ‘ये’ म्हणायला ‘वा’ म्हणत नाही, ‘बा’ म्हणतो. आणि तुमच्या तालेवार घरांतले लोकसुद्धा त्याच्यापुढे हात जोडून उभे राहतात. कुणी हसत नाही.”

“छान आहे हे,” तो खरंच मनापासून म्हणाला. “पण सुरुवातीला बोलणं नको. नुसते ढोल ठेवू.”

देवाचंही तोंड बंद केलं. मी तेही सोडलं. माझ्याकडे एकच शब्द होता आणि मी त्याला धरून बसलो होतो.

आईचं काम करायला वारिजा नावाची नटी आली, कर्नाटकातली. मल्याळम तिला येत नव्हतं. तिला ओळी सांगायचं काम मी मागून घेतलं. कॅमेऱ्यात दिसणार नाही असं खाटेच्या पलीकडे उकिडवं बसायचं, ओळ मोठ्याने म्हणायची, ती तिने तशीच म्हणायची. नंतर आवाज स्टुडिओत दुसऱ्याच बाईचा भरायचा, म्हणून तिथल्या आवाजाचं कुणाला काही नव्हतं. मरणाचा प्रसंग आला. मी ओरडलो, “बेळ्ळम!” वारिजाने डोळे उघडले, ओठ मिटले, उघडले आणि म्हणाली, “बेळ्ळम.”

भिंत खोटी होती, झारी खोटी होती, बाई गोरी होती, पण तो शब्द आईचा होता. इतकी वर्षं सिनेमात हा शब्द कुणी सरळ म्हटला नव्हता. वारिजाने म्हटला, कारण त्यात हसण्यासारखं काय आहे हेच तिला माहीत नव्हतं. मल्याळम न येणारी एक बाई लागली त्याला!

शूटिंग संपल्यावर तिने मला विचारलं, “त्या शब्दाचा अर्थ काय?”

“पाणी.”

“एवढंच?” ती म्हणाली. “मला वाटलं मुलीचं नाव असेल.”

कोचीच्या स्टुडिओत आवाज भरायला पंकजवल्ली होती. पन्नाशीची त्रिशूरची बाई, डोक्याला मोगरा, पर्समध्ये लवंगा. दोन पिढ्यांच्या नायिका तिच्या गळ्यातून बोलल्या आहेत. त्याच सिनेमांतल्या मोलकरणीही. वरच्या मजल्यावरची मालकीण नदीकाठच्या बोलीत रडते आणि खाली ओट्यावरची बाई आमच्या बोलीत मासे चिरते, दोन्ही गळे पंकजवल्लीचे. सगळा सिनेमा तिने सुरेख केला. मी कान टवकारून बसलो होतो, काढायला खोट नव्हती. मग मरणाचा प्रसंग आला. पडद्यावर वारिजाचे ओठ मिटले आणि पंकजवल्ली म्हणाली, “बेळ्ळम.”

काचेपलीकडे यंत्रावर बसलेला माणूस फिस्सकन हसला.

“पुन्हा घेऊ या,” हरिगोविंदन म्हणाला.

तिने पुन्हा म्हटलं. पुन्हा तेच. मरायला टेकलेल्या बाईच्या तोंडातून मासेवाली मोलकरीण बोलत होती. शब्दाच्या शेवटाला एक गिरकी येत होती, हात कमरेवर ठेवल्यासारखी. पंकजवल्लीने कानावरचं काढून ठेवलं, लवंग चघळली, डोळे मिटून पुन्हा प्रयत्न केला. गिरकी जाईना.

“मी मुद्दाम करत नाही हो, माष,” ती म्हणाली. तिच्या कपाळावर घाम होता. “रडणं माझ्याकडे एका कप्प्यात आहे आणि हा शब्द दुसऱ्याच कप्प्यात. इतकी वर्षं तो कप्पा उघडला की लोक हसतात म्हणूनच उघडलाय. आता त्यातून रडणं कुठून काढू?”

मी म्हणालो, वारिजाचाच मूळ आवाज घ्या, तेवढ्या एका शब्दापुरता. त्यांनी तो शोधून लावला. आणि आम्ही सगळ्यांनी काय ऐकलं? माझा आवाज. खाटेमागून बेंबीच्या देठापासून ‘बेळ्ळम’ ओरडणारा मी, आणि माझ्याखाली चिरडून गेलेला वारिजाचा एक श्वास. तिने शब्द म्हटला तेव्हा मीही भान विसरून तिच्याबरोबर पुन्हा ओरडलो होतो; तिच्या शब्दावर मीच बसलो होतो.

आता मात्र यंत्रावरचा माणूस मोकळेपणी हसला. मी त्याच्या अंगावर धावलो. हरिगोविंदनने मला धरून बाहेर नेलं, कॉरिडॉरमध्ये चहाचा पेला हातात दिला.

“माष, ऐका. मी तुमच्या बाजूचा आहे. पण हा सिनेमा कोट्टयममध्ये लागणार, कोल्लममध्ये लागणार. तिथे ती बाई ‘बेळ्ळम’ म्हणाली की सगळं थिएटर हसणार. तुमच्या आईच्या मरणाला लोक हसलेले मला नकोत.”

“हसायला कुणी शिकवलं त्यांना?”

तो पाठ भिंतीला टेकवून उभा राहिला.

“मी शिकवलं? माझ्या आईने शिकवलं? तुम्ही लोकांनी शिकवलंत. आणि आता म्हणता, लोक हसतील म्हणून शब्द काढू या. बरं आहे तुमचं.”

“बरं, मग कोण म्हणेल हा शब्द नीट?” तो थकून म्हणाला. “एक माणूस सांगा. मी घेतो. शपथेवर घेतो.”

मला एकच माणूस ठाऊक होतं.

एच्ची दुसऱ्या दिवशी गाडीने आली. जन्मात पहिल्यांदा कोचीला. जरीकाठाचं पांढरं मुंडू, ओणमला नेसतात तसं. हातात फणसाच्या तळलेल्या गऱ्यांचा डबा, स्टुडिओतल्या सगळ्यांसाठी. दारात चपला काढून आत गेली तेव्हा मी म्हणालो, “एच्ची, इथे चपला घालतात.” ती म्हणाली, “असू दे रे, केवढी स्वच्छ फरशी आहे.” पंकजवल्लीने तिच्यासाठी खुर्ची ओढली. एच्चीने तिचा आवाज ऐकला आणि ओळखला. ज्या बाईने सगळ्या नायिकांना बोलतं केलं ती समोर उभी. एच्चीने तिचा हात दोन्ही हातांत घेतला आणि सोडेचना.

तरुणपणी एच्ची प्रत्येक सिनेमाला जायची. झावळ्यांनी शाकारलेलं थिएटर होतं आमच्याकडे, खाली वाळू. शेडमधल्या सगळ्या बायका मिळून जायच्या आणि दुसऱ्या दिवशी विड्या वळताना एकमेकींशी नायिकेसारख्या बोलायच्या. हे मला आठवायला हवं होतं.

तिला माइकसमोर उभं केलं. काय करायचं ते सांगितलं. पडद्यावर खाट दिसली, खाटेवरची बाई दिसली. एच्ची माइकच्या आणखी जवळ सरकली, मी काचेतून पाहिलं. म्हटलं, आता तो शब्द येतो. आता आई येते.

पडद्यावर ओठ मिटले. एच्ची म्हणाली, “वेळ्ळम.”

स्वच्छ. सुंदर. नदीकाठचं. आवाजात असं दुःख की पंकजवल्लीने तोंडावर पदर धरला. यंत्रावरचा माणूस सरळ बसला. हरिगोविंदन हळूच म्हणाला, “देवा.”

एच्चीने काचेकडे पाहून विचारलं, “बरोबर आलं का?”

मी दार ढकलून आत गेलो. “काय म्हणालीस?”

“काय म्हणाले? पाणी.”

“एच्ची, ‘वे’ म्हणालीस तू! ‘वे’! आई काय म्हणाली होती?”

ती गोंधळली. मग माझ्याकडे असं पाहिलं, जसं लहानपणी मी काही अडाण्यासारखं विचारलं की पाहायची. “अरे, सिनेमात असंच म्हणतात ना?”

“तूच मला सांगितलंस! तिच्या तोंडाने मागितलं पाहिजे म्हणालीस!”

“ते मी घरी म्हणाले,” एच्ची म्हणाली. “इथे एवढी मोठी माणसं बसलीत.”

मग तिलाही कळलं. चेहरा उतरला. म्हणाली, थांब, पुन्हा म्हणते. पुन्हा खाट आली, पुन्हा ओठ मिटले आणि एच्ची म्हणाली, “बेळ्ळम.” त्या लोकांनी तो शब्द मोठ्या कर्ण्यातून खोलीत परत वाजवून दाखवला. एच्चीने ऐकला. तिचा स्वतःचा आवाज, आमच्या घरातला आवाज, पण कर्ण्यातून आलेला. आणि कर्ण्यातून तो शब्द तिने आयुष्यभर सिनेमातल्या ज्या मोलकरणींच्या तोंडी ऐकला होता, तसाच तो तिला ऐकू आला.

ती हसली.

हात तोंडावर दाबून हसली, दाबलं तसं आणखी आलं. खांदे हलायला लागले. “अगं बाई,” ती म्हणत होती, “अगं बाई, ती कुट्ट्यम्मा मोलकरीणच की गं!” आणि पंकजवल्लीही हसू लागली. दोघी एकमेकींचे हात धरून हसत होत्या. हसता हसता एच्चीच्या डोळ्यातून पाणी यायला लागलं. मग ती थांबली. एकदम. हात सोडवून घेतला आणि त्या हाताकडे बघत राहिली. विड्या वळून वळून बोटांची टोकं पिवळी पडलीत तिची, कितीही घासून धुतली तरी.

“मला घरी ने,” ती म्हणाली.

मी दारातून तिच्या चपला आणून दिल्या. सगळ्या सिनेमाशी भांडेन, पण एच्चीच्या हसण्याशी कसा भांडू? परतीच्या गाडीत ती खिडकीकडे तोंड करून बसली. षोरणूरला चहावाला आला तेव्हा मी विचारलं, “काही घेणार का?” ती म्हणाली, “थोडं बेळ्ळम दे.” सरळ. साधं. गिरकी नाही, काही नाही. मी बाटली दिली. आपण काय बोललो ते तिला कळलंही नाही. मी तोंड फिरवून बाहेर बघत बसलो.

सिनेमा लागला. आवाज एच्चीचा नव्हता, तिने नको म्हणून निरोप पाठवला होता. पंकजवल्लीने ‘वेळ्ळम’ म्हटलं आणि तेच ठेवलं. वर्तमानपत्रांनी लिहिलं, उत्तर केरळच्या मातीचा अस्सल वास. ढोलांचं कौतुक झालं. पितळी झारीवर एकाने अख्खा परिच्छेद लिहिला, ती झारी म्हणजे तहानलेल्या संस्कृतीचं प्रतीक आहे म्हणे. माझा दोन ठिकाणी सत्कार झाला. दोन्ही ठिकाणी शाल, दोन्ही ठिकाणी मी काही बोललो नाही. बोलायला तोंड उघडलं असतं तर शिव्या आल्या असत्या, त्याही आमच्याच बोलीत, आणि लोक हसले असते.

कान्हंगाडच्या थिएटरमध्ये एच्चीला घेऊन गेलो. तिला यायचंच होतं. शेडमधल्या जुन्या बायका होत्या, शेजारी होते, आमचीच माणसं. मी पडद्याकडे बघितलंच नाही. मी लोकांकडे बघत होतो. मला बघायचं होतं काय होतं ते. प्रसंग आला. पंकजवल्लीचा आवाज आला, “वेळ्ळम.” कुणी हसलं नाही. पुढच्या रांगेतल्या बाईने नाक पुसलं. तिच्या पलीकडचीने पुसलं. रांगच्या रांग रडत होती. आमची, बेळ्ळम पिऊन वाढलेली माणसं, नदीकाठच्या पाण्यासाठी रडत होती. हसले असते तर मी निदान चिडलो असतो. ते रडले, आणि माझ्याकडे काही उरलंच नाही.

एच्चीने माझा हात धरला. तिची बोटं गार होती.

“बघितलंस?” ती कुजबुजली. “ओठ मिटले.”

“काय?”

“ओठ रे. त्या बाईचे. ‘वे’ म्हणायला ओठ मिटत नाहीत. तिने मिटले. आवाज त्यांचा आहे, पण तोंडाने तिने आपलंच मागितलं.” अंधारात ती माझ्याकडे वळली. “मी बघितलं नीट. तू बघितलंस ना?”

“बघितलं,” मी म्हणालो.

मी बघितलं नव्हतं. त्या क्षणी मी कोण हसतंय ते शोधत होतो.